म्हणे फोन कॉम्प्युटरला जोडू नका!

गेल्या दोन आठवड्यांत तोच मेसेज मला चार ठिकाणांहून आलाय. सोसायटीच्या ग्रुपवर, शाळेच्या बॅचच्या ग्रुपवर, आत्याकडून पर्सनलवर, आणि काल जेवताना बाबांनी चष्मा लावून मोठ्याने वाचून दाखवला तो चौथा. वर तीन लाल दिवे, खाली 'जनहितार्थ, सर्वांना पाठवा'. मजकूर थोडक्यात असा, की मोबाईल कधीही केबलने कॉम्प्युटरला जोडू नका, जोडल्या जोडल्या फोनमधला सगळा डेटा नि बँकेचे पासवर्ड कॉम्प्युटर ओढून घेतो, कॉम्प्युटरचा व्हायरस फोनमध्ये उतरतो, बॅटरी कायमची जाते, 'सेफली रिमूव्ह' न करता वायर काढली तर मेमरी उडते, म्हणून फोटो आणि कागदपत्रं स्वतःलाच व्हॉट्सॲप करा नाहीतर ब्लूटूथने पाठवा, क्वालिटी तीच राहते आणि सेफ पण आहे.

यातलं एक वाक्य अर्धं खरं आहे, ते कुठलं ते सांगतो. पण शेवटचा जो सल्ला आहे ना, त्याच्यापायी आमच्या घरातला एक फोटो कायमचा गेलाय, त्यामुळे जरा तिरीमिरीतच लिहितोय, सांभाळून घ्या.

आधी डेटा ओढून घेण्याचं. ॲन्ड्रॉइड फोन केबलने लावला की आजकाल काय होतं? काहीच नाही, नुसता चार्ज होतो. २०१५ च्या ॲन्ड्रॉइड ६ पासून डिफॉल्टच तसं आहे. तुम्ही फोन अनलॉक करणार, वरून नोटिफिकेशनचा पडदा ओढणार, तिथे युएसबीच्या ओळीवर टॅप करून 'फाइल ट्रान्स्फर' निवडणार, तेव्हा कुठे कॉम्प्युटरला फोल्डर दिसतात. (निम्मे लोक 'फोन लावला पण कॉम्प्युटरवर दिसतच नाही' म्हणून फोन करतात ते याच्यामुळेच. म्हणजे एकीकडे दिसत नाही म्हणून तक्रार आणि दुसरीकडे सगळं ओढून घेतो म्हणून भीती!) आयफोन तर २०१३ पासून विचारतो की या कॉम्प्युटरवर विश्वास ठेवू का, आणि आता तर हो म्हटल्यावर पासकोडही मागतो. एवढं करून दिसतं काय, तर फोटो, व्हिडिओ, डाउनलोड, गाणी असला ऐवज. बँकेच्या ॲपचा माल त्या ॲपच्या स्वतःच्या बंद कप्प्यात असतो, तो फोनमधल्या दुसऱ्या ॲपलाही दिसत नाही तर केबलच्या पलीकडच्या कॉम्प्युटरला कुठून दिसणार.

आता ते अर्धं खरं. स्टेशनवर, एअरपोर्टवर, लॉजवर जे सार्वजनिक युएसबी सॉकेट असतात त्यात फोन लावून डेटा चोरायच्या प्रकाराला 'ज्यूस जॅकिंग' म्हणतात, शब्द २०११ पासून चालत आलाय, रिझर्व्ह बँकेने २०२२ मध्ये फसवणुकीच्या प्रकारांवर पुस्तिका काढली त्यातही तो आहे. तर तिथे आपला ॲडॉप्टर वापरा, फोनने काही विचारलं तर नाही म्हणा, विषय संपला. आणि कुणी भाच्याने हौसेने 'डेव्हलपर ऑप्शन्स' चालू करून 'युएसबी डिबगिंग' ऑन ठेवलं असेल तर ते बंद करा, कारण त्याला परवानगी दिली की मग कॉम्प्युटरवरून फोनमध्ये ॲप टाकता येतं, ती खरी फट आहे. पण आपल्या घरचा, आपल्याच टेबलावरचा कॉम्प्युटर म्हणजे काही स्टेशनवरचा अनोळखी खांब नाही, एवढा तरी फरक करा की.

व्हायरसचं मला समजू शकतं, कारण ही भीती हवेतून आलेली नाही. पंधरा-सोळा वर्षांपूर्वी ज्यांनी कॉलेजच्या लॅबमध्ये फोनचं मेमरी कार्ड लावलंय त्यांना तो शॉर्टकट व्हायरस आठवत असेल, सगळे फोल्डर गायब आणि त्यांच्या जागी बाण असलेले शॉर्टकट. तेव्हा फोन पेनड्राइव्हसारखाच जोडला जायचा, म्हणजे अख्खं कार्ड कॉम्प्युटरच्या ताब्यात, तेवढा वेळ फोनला स्वतःलाही ते वापरता यायचं नाही, आठवा, गॅलरी उघडली की 'मेमरी कार्ड उपलब्ध नाही' यायचं. २०११ च्या आसपास ॲन्ड्रॉइडने ही पद्धत सोडायला घेतली आणि एमटीपी नावाची फाइल देण्या-घेण्याची नवी पद्धत आणली. फरक सोप्पा आहे. आधी आपण गोदामाची किल्लीच देत होतो, आता रेशनच्या दुकानासारखं, कॉम्प्युटरने काउंटरवर चिठ्ठी द्यायची, अमुक फाइल पाहिजे, आणि आतून फोन ती आणून देणार. म्हणूनच फोनला आता ई, एफ असं ड्राइव्हचं अक्षर मिळत नाही, आणि म्हणूनच चार-पाच हजार फोटोंचा फोल्डर उघडला की ती हिरवी पट्टी मुंगीसारखी सरकते, कारण एकेका फाइलची चौकशी चाललेली असते. विंडोजची एक्सई फाइल (म्हणजे विंडोजचा प्रोग्राम, व्हायरस बहुधा त्यातच असतो) ॲन्ड्रॉइडवर चालतच नाही. फार तर ती फोनमध्ये पडून राहील आणि तुम्ही दुसऱ्या कॉम्प्युटरवर नेऊन उघडली तर तिथे त्रास देईल, एवढं खरं. फोनमध्ये व्हायरस बहुतेक वेळा येतो तो 'लाइट बिल भरलं नाही, हे ॲप टाका' असल्या लिंकवरून, म्हणजे ज्या वाटेने हा फॉरवर्ड आला त्याच वाटेने.

बॅटरीचं एका ओळीत. कॉम्प्युटरचा साधा युएसबी २ चा पोर्ट अर्धा अँपिअर देतो, चार्जर त्याच्या कितीतरी पट देतो, तेव्हा फोन हळू चार्ज होईल, मरणार नाही.

सेफली रिमूव्हचा मुद्दा पेनड्राइव्हला आणि कार्ड रीडरला लागू आहे, तिथे जरूर करा. वर सांगितलं तसं फोनच्या बाबतीत मेमरीचा ताबा फोनकडेच असतो, त्यामुळे कॉपी संपली असेल तर वायर काढा खुशाल. कॉपी चालू असताना मात्र ओढू नका, आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे कट-पेस्ट करू नका. फोटो उडतात ते बहुतेक इथे, मध्येच केबल हलली, लॅपटॉप झोपला, आणि काही फाइली धड इकडे नाहीत धड तिकडे नाहीत. कॉपी करा, कॉम्प्युटरवर दहा-वीस फोटो उघडून बघा, शेवटचे खास बघा, फोल्डरमधला आकडा जुळवा, मग फोनमधून डिलीट करा. फोटो डीसीआयएम नावाच्या फोल्डरात असतात, व्हॉट्सॲपचा फोल्डर मात्र नव्या फोनमध्ये बाहेर दिसत नाही, तो 'ॲन्ड्रॉइड', त्यात 'मीडिया', त्यात व्हॉट्सॲपच्या नावाचा, असा आत जाऊन बसलाय.

आता 'स्वतःलाच व्हॉट्सॲप करा, क्वालिटी तीच राहते'. नाही राहत हो.

आमची आजी गेली त्याच्या आधीच्या वर्षी मामेबहिणीच्या लग्नात तिचा एक फोटो निघाला होता, जांभळ्या नऊवारीत, कानात मोत्यांच्या कुड्या, आणि कुणाशी तरी भांडता भांडता हसतेय असा. बाबांच्या फोनमध्ये होता. फोन भरला म्हणून बाबांनी असाच कुणाचा तरी सल्ला ऐकून निवडक फोटो स्वतःलाच पाठवले, 'आता व्हॉट्सॲपवर सेफ आहेत' म्हणून गॅलरी साफ केली, आणि ट्रॅशमधूनही ते महिन्याभराने गेले. वर्षश्राद्धाला फ्रेम करायची ठरली, बारा बाय अठराची. स्टुडिओवाल्याने फोटो स्क्रीनवर मोठा केला आणि काही न बोलता माझ्याकडे बघितलं. कुडीतले मोती सुटे दिसायला पाहिजेत ना, तिथे नुसता एक पांढरट चौकोन. नऊवारीचे काठ म्हणजे पायऱ्या पायऱ्या.

गणित असं आहे. फोनचा साधा १२ मेगापिक्सेलचा फोटो म्हणजे लांबीला ४००० पिक्सेल. १८ इंचाला भागा, इंचाला २२० च्या वर पिक्सेल मिळतात, प्रिंट झकास येते. व्हॉट्सॲपवर नेहमीसारखा पाठवला की तो साधारण १६०० वर येतो, आणि वरून जास्तीचा दाबलेला. भागा आता, ८९. स्टुडिओवाला ३०० मागतो, २०० वर चालवून घेतो, ८९ ला काय करणार बिचारा. २०२३ मध्ये 'एचडी' आलं, त्याने बरं जातं पण तेही मूळ नाही. शिवाय फोटो कधी काढला ती तारीख फाइलमधून पुसली जाते, मग कॉम्प्युटरवर २०१४ ची सहल आणि कालचा वाढदिवस एकाच दिवशी. व्हॉट्सॲपच वापरायचं असेल तर पिनच्या खुणेवरून 'डॉक्युमेंट' म्हणून पाठवा, तसं पाठवलं तर फाइल जशीच्या तशी जाते, २ जीबीपर्यंत. ही एक ओळ त्या फॉरवर्डमध्ये असती तर आज आजीची फ्रेम पोस्टकार्डाएवढी नसती.

आणि 'सेफ पण आहे' हे तर कहरच. झेरॉक्सच्या दुकानात काय चालतं ते बघा एकदा. काउंटरवर नंबर चिकटवलेला असतो, 'प्रिंटसाठी यावर पाठवा'. लोक आधार, पॅन, पासबुक, सातबारा, सगळं त्या अनोळखी नंबरवर टाकतात, प्रिंट घेतात, निघून जातात. दुकानदार बिचारा वाईट नसतो, पण त्याच्या डाउनलोड फोल्डरमध्ये अर्ध्या गावाचं आधार पडलेलं असतं आणि कॉम्प्युटरवर दिवसभर कोणीही बसतं. काहीजण तर स्वतःचं व्हॉट्सॲप वेब तिथे उघडून, लॉगआउट न करता घरी येतात. केबलला घाबरणारे हेच! निदान शेवटचे चारच आकडे दिसतात ते मास्क केलेलं आधार काढा, आणि पाठवलेलं लगेच समोरच डिलीट करायला लावा.

ब्लूटूथची बाजू घेणाऱ्यांनी घड्याळ लावून बघावं. फोनच्या ब्लूटूथने फाइल जाते ती प्रत्यक्षात सेकंदाला दोन मेगाबिटच्या आसपास, म्हणजे १ जीबीच्या व्हिडिओला तासाच्या वर, तेही मध्ये तुटलं नाही तर. तेवढाच व्हिडिओ साध्या युएसबी २ केबलने अर्ध्या-पाऊण मिनिटात जातो. वायर नकोच असेल तर ॲन्ड्रॉइड आणि विंडोजसाठी क्विक शेअर आहे (आधी निअरबाय शेअर म्हणायचे), ते समोरचा शोधायला ब्लूटूथ वापरतं आणि माल वायफायवरून नेतं, नेटपॅकही जात नाही. काहीजण अजून शेअरइट, झेंडर शोधत बसतात, सरकारने जून २०२० मध्ये ज्या ५९ चिनी ॲपवर बंदी घातली त्यात ही दोन्ही होती, कुठल्यातरी भलत्या साइटवरून त्यांच्या एपीके (ॲप टाकायच्या फाइली) उतरवू नका.

केबलची खरी कटकट वेगळीच आहे आणि ती फॉरवर्डमध्ये नाहीच. स्वस्तातल्या बऱ्याच केबलींत चार्जिंगच्या दोनच तारा असतात, डेटाच्या दोन तारा घातलेल्याच नसतात, त्यामुळे काहीही करा फोन दिसणार नाही. टाइप-सी म्हणजे फास्ट असंही नाही, तो नुसता तोंडाचा आकार, २०२३ च्या साध्या आयफोन १५ ला टाइप-सी आहे पण वेग युएसबी २ चाच. आयफोनवरून विंडोजला कॉपी करताना मध्येच एरर येऊन थांबत असेल तर सेटिंगमध्ये फोटोजमध्ये जाऊन सगळ्यात खाली 'कीप ओरिजिनल्स' करा, बऱ्याचदा तिथेच सुटतं.

काल रात्री बाबांचा फोन जोडायचा म्हणून ड्रॉवर उपसला. अकरा केबली निघाल्या. एकेक लावून बघितली, डेटाच्या चार. त्या चौघींना आईच्या लाल लोकरीची गाठ मारून ठेवलीय, आणि बाबा आता विचारतायत की तो मेसेज ज्यांना पाठवला त्या सगळ्यांना परत काय पाठवायचं.