‘सोलापुरात बायकांचा इतिहास आहेच कुठे?’ या मेसेजला उत्तर

सोलापुरातल्या स्त्रियांच्या इतिहासाची पायी फेरी काढायची असं कुणी नुसतं सुचवलं, की आपल्या गावातल्या ग्रुपांवर एक ठरावीक मेसेज येऊन पडतो. महिला दिनाच्या आसपास तर हमखास. त्याचा मजकूर थोडक्यात असा: पुण्यात फुलेवाडा आहे, भिडेवाडा आहे, तिथं असल्या फेऱ्या शोभतात. सोलापूर म्हणजे सिद्धरामेश्वर, गिरण्या आणि चार हुतात्मे, तेही पुरुष. गिरण्या पुरुषांनी चालवल्या, बायका घरात होत्या. ज्या शिकल्या त्या पुण्या-मुंबईच्या. इथं ना इमारत ना पुतळा, मग लोकांना उन्हात फिरवून दाखवणार काय, गरिबांची घरं?

मी या गावात अशा फेऱ्यांना वाट दाखवते. हा मेसेज लिहिणाऱ्याला आपल्या गावाविषयी प्रेम आहे असं धरून चालते, आणि म्हणूनच एकेका वाक्याला उत्तर देते.

‘सोलापूर म्हणजे सिद्धरामेश्वर.’

बरोबर. बाराव्या शतकातले हे शिवयोगी आपलं ग्रामदैवत. मग तिथूनच सुरुवात करू. संक्रांतीच्या यात्रेत बाळीवेशीतल्या हिरेहब्बू वाड्यातून सात नंदीध्वज, म्हणजे मानाच्या उंच काठ्या, निघतात आणि अडुसष्ट लिंगांना तेलाभिषेक होतो. दुसऱ्या दिवशी संमती कट्ट्यासमोर पाय ठेवायला जागा नसते. ‘सत्यम सत्यम, दिड्डम दिड्डम’ झालं की हजारो हातांतून अक्षता पडतात. हे लग्न कुणाचं? सिद्धरामांच्या योगदंडाचं, एका कुंभाराच्या मुलीशी. परंपरा सांगते की तिनं लग्नाची इच्छा बोलून दाखवली, सिद्धराम पडले योगी, त्यांनी आपल्या योगदंडाशी विवाह करायला संमती दिली, आणि पुढं ती सती गेली. तिसऱ्या दिवशी बाजरीच्या पेंढीला साडी नेसवतात, बांगड्या, हार घालतात आणि त्या कुंभारकन्येला होमात अर्पण करतात. होम मैदान हे नाव त्या होमावरूनच पडलं. वर्षभर आपण तिथं गाड्या लावतो, प्रदर्शनं भरवतो.

म्हणजे या शहराचा सगळ्यात मोठा सण एका मुलीभोवती उभा आहे. तिचं काम आपल्याला माहीत आहे, जात माहीत आहे, शेवट माहीत आहे. नाव सांगताना मात्र आपण ‘कुंभारकन्या’ एवढ्यावर थांबतो. फेरीत होम मैदानावर मी हे सांगते तेव्हा लहानपणापासून अक्षता टाकत आलेल्या बायका गप्प होतात, आणि मग प्रश्न विचारायला लागतात. तिनं काय मागितलं होतं? तिला काय मिळालं? यात श्रद्धेचा अपमान कुठं आला? उलट ज्या गोष्टीवर आपण दरवर्षी अक्षता टाकतो ती गोष्ट नीट ऐकणं, हेच तर श्रद्धेचं काम. सिद्धरामांच्या आई सुग्गलादेवी आणि त्यांना जागा देणाऱ्या राजघराण्यातल्या चामलादेवी याही याच कथेत आहेत. त्यांना देवळातच मागं सोडून चालणार नाही.

‘गिरण्या पुरुषांनी चालवल्या.’

जुनी गिरणी १८७७ साली सुरू झाली. पुढं नरसिंग गिरजी, लक्ष्मी, विष्णू अशा गिरण्या उभ्या राहिल्या. सूत गुंडाळायचं, रिळावर घ्यायचं ते वाइंडिंग आणि रिळिंग खातं बायकांचं होतं. माग पुरुषाच्या हातात असेल, पण मागावर जाणारं सूत तयार करणारा हात बाईचा होता. मुंबई इलाख्यात १९२९ साली बाळंतपणाच्या रजेचा आणि भत्त्याचा कायदा झाला, देशातला अशा प्रकारचा पहिला. आदल्या वर्षी कायदेमंडळात डॉ. बाबासाहेब आंबेडकर या मागणीच्या बाजूनं बोलले होते. बायका गिरणीत नव्हत्याच, तर हा कायदा कुणासाठी झाला? पुढं हक्क वाढले तशी मालकांना बाई महाग वाटू लागली आणि खात्यांतून बायका कमी होत गेल्या. बायका गिरणीत दिसत नाहीत याचं एक कारण त्यांना तिथून काढलं गेलं, हे आहे. त्या कधी नव्हत्याच, असं म्हणणाऱ्यानं ही मधली पानं वाचलेली नाहीत.

गिरणी-इतिहासाचा आणखी एक कोपरा आहे सेटलमेंटचा. इंग्रजांनी १८७१ च्या कायद्यानं काही जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरवलं आणि पुढं सोलापुरात तारेच्या कुंपणाआड आणून ठेवलं. हजेरी देऊन बाहेर पडायचं, गिरणीत राबायचं, परत येऊन हजेरी द्यायची. यात बायाही होत्या. १९५२ साली कायदा रद्द झाला. आज सेटलमेंट फ्री कॉलनी हा पत्ता आपण रिक्षावाल्याला सहज सांगतो. तिथल्या म्हाताऱ्या बायकांकडं आजी-पणजीकडून ऐकलेलं जे आहे ते कुठल्याही फलकावर नाही.

‘बायका घरात होत्या.’

होत्या. आणि घरात बसून काय करत होत्या, ते पूर्व भागात येऊन बघा. अशोक चौक, कन्ना चौक, दत्त नगर, नीलम नगर. दारातल्या कट्ट्यावर बाई विड्या वळत बसलेली असते, मांडीवर सूप, सुपात तंबाखू. आदल्या रात्री भिजवलेलं पान ओल्या फडक्यात गुंडाळलेलं. पत्र्याचा साचा पानावर ठेवून कात्रीनं कापायचं, चिमूटभर तंबाखू पसरायची, बोटांनी वळायचं, दोरा दोन वेढे मारून तोडायचा, तोंड मिटवायचं. ती तुमच्याशी तेलुगूत, मराठीत बोलते आणि नजर तुमच्याकडं असताना बोटं चालूच असतात. पंचवीस विड्यांचा एक कट्टा. हजार विड्या व्हायला उजाडल्यापासून दिवस मावळेपर्यंत वेळ जातो, त्यातच स्वयंपाक, पाणी, पोरांची शाळा. मग माल घेऊन कारखान्याच्या शाखेत जायचं. तिथं चेकर कट्टा उलटसुलट बघतो आणि ज्या विड्या पसंत नाहीत त्या छाटून बाजूला टाकतो. छाटीचे पैसे मिळत नाहीत. पान खराब आलं तर पदरचं पान घालून हजार भरायच्या.

याला ‘घरात होत्या’ म्हणायचं? १९६६ च्या विडी-सिगार कामगार कायद्यानं घरी बसून विड्या वळणारीलाही कामगार मानलं. तिला ओळखपत्र मिळालं, फंड मिळाला, ते मोर्चे काढून मिळालं. गिरण्या एकामागून एक बंद पडल्या तेव्हा कितीतरी घरांत चूल पेटत राहिली ती या सुपामुळं. माग असलेल्या घरांत कांड्या भरणं, चादरीच्या दशांना गाठी मारणं हेही बायकाच करत आल्या. सोलापुरी चादरीला भौगोलिक मानांकन मिळालं त्याचा आपल्याला अभिमान आहे. तो अभिमान सांगताना कांडी भरणारीचा उल्लेख राहून जातो.

शहराबाहेरचं कुंभारी गाव फेरीत चालत जाण्यासारख्या अंतरावर नाही, हे मान्य. अक्कलकोट रस्त्यानं एसटी किंवा रिक्षा करावी लागते. पण जायलाच हवं. तिथं महिला विडी कामगारांच्या गृहनिर्माण संस्थेतून दहा हजार घरं उभी राहिली, २००६ साली चाव्या मिळाल्या. वसाहतीला नाव वारली आदिवासींच्या लढ्यातल्या गोदूताई परुळेकरांचं. दुसऱ्या एका वसाहतीला मीनाक्षीताई साने यांचं, ज्यांनी लाल बावट्याखाली याच शहरातल्या कामगारांसाठी आयुष्य घातलं. पुतळा नाही म्हणता ना? दहा हजार घरांची वस्ती आहे, दारावर बाईच्या नावाची पाटी असलेली घरं बघायला मिळतात. मला एखाद्या पुतळ्यापेक्षा ती पाटी जास्त मोलाची वाटते.

‘चार हुतात्मे पुरुष होते.’

होते. धनशेट्टी, कुर्बान हुसेन, शिंदे, सारडा यांना १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात फाशी झाली. त्यांच्या चौकात फेरी थांबते आणि मान झुकवून पुढं जाते. बायकांचा इतिहास सांगायला त्यांचं मोठेपण कमी करावं लागत नाही, त्यामुळं यात वादच नाही.

‘शिकलेल्या बायका पुण्या-मुंबईच्या.’

आपण रोज ‘डफरीन चौकात भेटू’ म्हणतो. हे नाव आलं लेडी डफरीन यांच्या नावाच्या दवाखान्यावरून. १८८५ साली त्यांनी एक निधी उभारला, बायकांना बायकांकडूनच उपचार मिळावेत म्हणून, कारण त्या काळी पुरुष डॉक्टरपुढं जायला बाई तयार नसे आणि घरचे पाठवत नसत. परक्या राजवटीचं काम, त्यात राजवटीचा स्वार्थही होता. पण या गावात पिढ्यान्‌पिढ्या बाळंतपणं तिथं झाली. फेरीत कुणीतरी एक बाई हमखास म्हणते, माझा जन्म इथलाच.

मेरी हार्डिंग या अमेरिकन मिशनच्या बाईंनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीलाच इथं बालवाडी चालवली आणि बालवाडीच्या शिक्षिका घडवल्या. पुण्यात रमाबाई रानड्यांनी उभी केलेली सेवासदन संस्था सोलापुरात शाखा काढून आली, आणि सेवासदनची मुलगी म्हणजे हुशार हे समीकरण माझ्या आईच्या पिढीत पक्कं होतं. श्राविका संस्थानगरात पंडिता सुमतीबाई शहांनी जैन समाजातल्या विधवा आणि निराधार बायकांना शिकवून पायावर उभं केलं. हे सगळं शहराच्या आतच आहे. ज्यांनी मेसेज पुढं ढकलला त्यांच्यातल्या निम्म्यांच्या आया-बहिणी यांतल्याच कुठल्यातरी शाळेत गेल्या असतील.

आणि जाता जाता: लता मंगेशकरांनी स्वतः सांगितलंय की वडिलांबरोबर त्या पहिल्यांदा गायला बसल्या त्या सोलापुरात, ९ सप्टेंबर १९३८ ला. तेव्हा वयाची नऊ वर्षंही पुरी झाली नव्हती. अभिनेत्री शशिकला यांचा जन्मही इथलाच.

‘दाखवायला इमारत नाही.’

पुण्याचंच उदाहरण घेऊ. ज्या भिडेवाड्यात १८४८ साली फुले दांपत्यानं मुलींची शाळा काढली, तो वाडा वर्षानुवर्षं मोडकळीला आलेला होता. स्मारकासाठी डिसेंबर २०२३ मध्ये तो पाडला. तरी लोक तिथं थांबत होते, कारण थांबवून सांगणारं कुणीतरी होतं. सोलापुरात इमारती कमी नाहीत, सांगणारे कमी आहेत. फलक नसलेल्या गावातच वाटाड्याची गरज जास्त.

‘गरिबांची घरं दाखवणार का?’

या मेसेजमधला हा एकच प्रश्न मला खरोखर महत्त्वाचा वाटतो, जरी तो टोमणा म्हणून विचारलेला असला तरी. वीस माणसं मोबाईल उंचावून एखादीच्या दारात उभी राहिली तर तो तिचा अपमान आहे. हे होऊ नये म्हणून काही गोष्टी ठरवून घ्याव्या लागतात. दत्त नगरात फेरी जायची तर तिथं बोलणारी बाई तिथलीच, जिनं स्वतः विड्या वळल्यात. आधी विचारलेलं घर असेल तरच दारात थांबायचं, आणि पाच-सहा जणांच्यावर नाही. फोटो ती म्हणाली तरच. ती तासभर बोलली तर तेवढ्या वेळात तिच्या जितक्या विड्या बुडाल्या त्याहून जास्त मोबदला तिच्या हातात, फेरी संपायच्या आत. एकदा एका मावशींनी मला स्पष्ट सुनावलं होतं, ‘बघायला काय येता, कामच हाय की हे. इचारा काय ते.’ त्यानंतर त्यांनी फंडाच्या पावत्या काढून दाखवल्या आणि कुठल्या साली कुठल्या मोर्चात काय मिळालं ते ओळीनं सांगितलं. ते त्यांचं घर दाखवणं नव्हतं. त्या शिकवत होत्या आणि आम्ही खाली बसून वहीत लिहून घेत होतो.