आडनाव, रकाना आणि मानधन

नाशिकमध्ये परफॉर्मन्स आर्टचा, म्हणजे कलावंताची प्रत्यक्ष कृती हीच कलाकृती मानणाऱ्या कलेचा, विषय निघाला की दोन प्रश्न ठरलेले. हे नाटक नाही तर मग काय? आणि 'आयडेंटिटी'ची, म्हणजे आपण कोण या ओळखीची, भाषा परदेशी अनुदानासाठीच उचललेली ना? दुसरा आरोप मला अजिबात पटत नाही. चित्रकार रुम्माना हुसेन यांनी १९९५ मध्येच मुंबईत एनसीपीए या कलाकेंद्रात स्वतःच्या शरीराला माध्यम करून परफॉर्मन्स केला होता. आणि कोणी कुठवर आत यायचं, हा प्रश्न तर काळाराम मंदिराच्या दारात १९३० सालीच विचारला गेला.

समजा, पंचवटीतली एखादी तरुण कलावंत गोदाघाटावर पांढऱ्या सुती कापडावर हळदीने आपलं आडनाव लिहिते, साबणाने धुते, पुन्हा लिहिते. साबण लागताच हळद लाल होते. बघणाऱ्याला काही समजावून सांगावं लागत नाही. आडनाव ऐकून पुढे काय ताडलं जातं, हे आपल्याकडे प्रत्येकाला पाठ असतं. हेच काम इथे, कॅनडातल्या टोरोंटोत दाखवायचं तर शेजारी लांबलचक टीप लागते, अर्जात आपण कुठल्या समाजगटातले ते नोंदवायचा रकाना असतो, आणि हळूहळू काम त्या रकान्याच्या मापाचं होऊ लागतं. परदेशाचा हा दोष मला फार मोठा वाटतो.

पण मानधनाच्या बाबतीत कॅनडाचं बोट धरावं. कारफॅक ही कलावंतांची संघटना १९६८ मध्ये स्थापन झाली. ती किमान मानधनाचं दरपत्रक काढते. विक्रीसाठी नसलेल्या प्रदर्शनात काम मांडलं तरी त्याचा मोबदला मागण्याचा हक्क १९८८ पासून कायद्यात आहे. आपल्याकडे 'नाव होईल ना' यावर बोळवण होते, आणि वाद मात्र ती कला आहे की नाही यावरच अडतो.

असं काम पुढे दाखवायचं तर आधी ते नीट चित्रित व्हायला हवं. घाटावरचं ते काम चित्रित करताना व्हाइट बॅलन्स (रंगांचा समतोल) ऑटोवर ठेवला तर कॅमेरा रंग परस्पर सावरत राहतो आणि पिवळ्याचा लाल होणं फिकं पडतं. तो आधीच लॉक करावा. पाण्यावरच्या चकाकीने चेहरा काळा पडतो, म्हणून एक्सपोजर, म्हणजे उजेडाचं प्रमाण, तेही लॉक करावं. एक कॅमेरा स्टँडवर, सुरुवातीपासून शेवटपर्यंत न थांबवता. दुसरा फक्त हातांवर. आवाजासाठी वेगळा रेकॉर्डर, माइकवर केसाळ विंडशील्ड, नाहीतर नदीवरचा वारा सगळं खातो. सभागृहात दिव्यांखाली शूटिंग असेल तर सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० सेकंद, कारण आपली वीज ५० हर्ट्झची. मोबाइलच्या ३० फ्रेमवर पट्टे सरकताना दिसतात.

प्रदर्शनातल्या मांडणीतही असंच. प्रोजेक्टरचा थ्रो रेशो (पडद्यापासूनचं अंतर भागिले चित्राची रुंदी) १.५ असेल तर ३ मीटर रुंद चित्राला ४.५ मीटर अंतर हवं. खोली लहान म्हणून तो तिरका ठेवून कीस्टोनने, म्हणजे प्रोजेक्टरमधल्या आकार सुधारण्याच्या सोयीने, चौकोन जुळवला की तपशील मऊ पडतात. त्यापेक्षा कमी अंतरावरून मोठं चित्र पाडणारा शॉर्ट थ्रो प्रोजेक्टर मागवावा.

व्हिडिओची मूळ मास्टर प्रत प्रोरेस या उच्च दर्जाच्या फॉरमॅटमध्ये, दोन वेगळ्या डिस्कवर, एक प्रत दुसऱ्या घरी. आयोजकाला फक्त एच.२६४ या लहान आकाराच्या फॉरमॅटमधली प्रत द्यावी. करारात आवृत्त्या, म्हणजे कामाच्या अधिकृत प्रती, किती (तीन आणि कलावंताची एक, असा साधारण प्रघात), किती दिवस दाखवणार, प्रोजेक्टरचं भाडं कोण भरणार, आणि प्रदर्शन संपल्यावर ती फाइल पुसून तसं लेखी कधी कळवणार, एवढं तरी असावं.