‘गॅरोज लॉ’ जरूर पाहा, पण तो फॉरवर्ड पुढे ढकलू नका

व्हॉट्सॲपवर सध्या एक लांबलचक मजकूर फिरतोय. विषय आहे बीबीसीची ‘गॅरोज लॉ’ ही मालिका. मजकुराचा सारांश असा: ‘दोष सिद्ध होईपर्यंत माणूस निर्दोष’ हे तत्त्व विल्यम गॅरो या इंग्लिश वकिलाने 1791 साली शोधून काढलं, त्याआधी ते जगात कुठेच नव्हतं. मालिकेतलं प्रत्येक प्रकरण कोर्टाच्या दप्तरातून जसंच्या तसं उचललंय. गुलामांना समुद्रात फेकणाऱ्या कप्तानालाही गॅरोने कोर्टात उभं केलं. ज्युरीपुढे तासन्‌तास भाषणं करून तो एकही खटला हरला नाही. आणि हेच तत्त्व पुढे आपल्या राज्यघटनेत आलं, म्हणून आरोपीने गप्प बसावं, काय सिद्ध करायचं ते समोरच्याने करावं.

कायद्याच्या पहिल्या वर्षाला असलेल्या माझ्या भाचीने हा मजकूर जसाच्या तसा आपल्या प्रकल्पात उतरवला. चांगली अभ्यासू मुलगी आहे, पण एवढ्या ठासून लिहिलेलं खोटं असेल असं तिला वाटलंच नाही. म्हणून एकेक मुद्दा घेतो.

आधी मालिकेबद्दल. ‘गॅरोज लॉ’ 2009 ते 2011 या काळात बीबीसी वनवर लागली. तीन पर्व, प्रत्येकी चार भाग, एकूण बारा. निर्माता-लेखक टोनी मर्चंट, गॅरोच्या भूमिकेत अँड्र्यू बुकन. मालिका उत्तम आहे. अठराव्या शतकातलं फौजदारी कोर्ट, त्यातली घाई, गर्दी, फाशीची सावली हे सगळं इतक्या जिवंतपणे फार थोड्या ठिकाणी पाहायला मिळतं. राग मालिकेवर नाही, तिच्या नावावर खपवलेल्या थापांवर आहे.

पहिला दावा, तत्त्वाच्या शोधाचा. यात अर्धं सत्य आहे, ते मान्य करतो. 1791 साली ओल्ड बेलीत, म्हणजे लंडनच्या फौजदारी कोर्टात, जॉर्ज डिंगलरवर पत्नीच्या खुनाचा खटला चालला. गॅरो त्याचा वकील होता आणि दोष शाबीत होईपर्यंत प्रत्येक माणूस निर्दोष मानला जातो, हे तो त्या खटल्यात बोलला. इंग्लिश कोर्टात हा विचार जवळपास आजच्या शब्दांत मांडण्याचं श्रेय त्याला देतात, ते द्यावं. पण वाक्याची घडण पाहा. ‘मानला जातो’ असं तो म्हणतो, ‘यापुढे मानला जावा’ असं नाही. तो चालू असलेला नियम सांगत होता.

आणि नियम जुनाच होता. जो आरोप करतो त्याने पुरावा द्यावा, नाकारणाऱ्याने नव्हे, हे रोमन कायदेपंडित पॉलसचं वचन सम्राट जस्टिनियनच्या 533 सालच्या संकलनात आहे. दोषी ठरेपर्यंत प्रत्येक जण निर्दोष समजावा, हे जवळजवळ त्याच शब्दांत 1313 साली वारलेल्या झाँ लमुआन या फ्रेंच कार्डिनलने लॅटिनमध्ये लिहून ठेवलंय. एक निरपराध अडकण्यापेक्षा दहा गुन्हेगार सुटलेले परवडले, हे इंग्लिश कायदेपंडित ब्लॅकस्टोनने 1760 च्या दशकात सांगितलं. एवढं मागे जायचं नसेल तर फ्रान्सचा मानवी हक्कांचा जाहीरनामा घ्या. त्याचं नववं कलम हेच सांगतं, आणि तो जाहीरनामा आहे 1789 चा. डिंगलर खटल्याच्या दोन वर्षं आधीचा. ‘त्याआधी जगात कुठेच नव्हतं’ हा दावा इथेच संपतो.

1791 नंतर इंग्लंडात तरी सगळं स्वच्छ झालं का? तेही नाही. खुनाच्या खटल्यात मारण्याची कृती सिद्ध झाली की दुष्ट हेतू गृहीत धरायचा आणि तो नव्हता हे आरोपीने पटवायचं, अशी समजूत विसाव्या शतकापर्यंत चालू होती. ती मोडली 1935 साली, वूलमिंग्टन खटल्यात. एकवीस वर्षांच्या शेतमजुराच्या हातून बंदूक सुटून त्याची बायको मेली होती. गोळी चुकून सुटली असं तो म्हणत होता. हाउस ऑफ लॉर्ड्सने, म्हणजे तेव्हाच्या तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने, त्याची फाशी रद्द केली आणि लॉर्ड सँकी यांनी ‘सोनेरी धाग्या’चं ते प्रसिद्ध वाक्य लिहिलं: आरोपीचा दोष सिद्ध करणं हे सरकारी पक्षाचं काम, हा इंग्लिश फौजदारी कायद्यातून जाणारा सोनेरी धागा आहे. गॅरोनंतर 144 वर्षांनी.

डिंगलर खटल्याचं खरं महत्त्व वेगळ्याच जागी आहे आणि फॉरवर्डमध्ये त्याचा पत्ता नाही. जखमी बायकोचा जबाब मॅजिस्ट्रेटने शपथेवर घेतला होता, पण आरोपीच्या गैरहजेरीत. ज्याला उलटतपासणीची संधीच मिळाली नाही त्याच्याविरुद्ध असा जबाब चालणार नाही, हे गॅरोचं म्हणणं होतं आणि कोर्टाने जबाब नाकारला. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने 2004 साली क्रॉफर्ड खटल्यात या निर्णयाचा दाखला दिलाय. प्रकल्पात लिहायचं तर हे लिहावं.

आता दुसरा दावा, ‘जसंच्या तसं’. सगळ्यात जास्त चीड याचीच येते, कारण यात ‘झाँग’ जहाज ओढलंय.

दुसऱ्या पर्वाच्या पहिल्या भागात गॅरो विमा कंपनीच्या बाजूने कप्तान कॉलिंगवूडवर फसवणुकीचा खटला चालवतो. भाग पाहताना अंगावर काटा येतो. पण घडलं ते असं. 1781 च्या अखेरीस ‘झाँग’ या लिव्हरपूलच्या मालकांच्या जहाजावरून 130 हून जास्त आफ्रिकी गुलामांना जिवंत समुद्रात टाकलं. मालकांनी माणशी 30 पौंडांप्रमाणे विम्याची भरपाई मागितली. विमेकऱ्यांनी पैसे नाकारले, म्हणून मालकच कोर्टात गेले. म्हणजे खटला दिवाणी, आणि वाद कशाचा, तर ‘मालाच्या’ भरपाईचा. मार्च 1783 मध्ये ज्युरीने मालकांच्या बाजूने कौल दिला. मे महिन्यात विमेकरी किंग्ज बेंच या वरच्या कोर्टात सरन्यायाधीश लॉर्ड मॅन्सफील्डपुढे गेले आणि फेरसुनावणीचा आदेश मिळाला. तिथे मालकांची बाजू मांडायला खुद्द सॉलिसिटर जनरल जॉन ली उभे होते.

कॉलिंगवूड तेव्हा होता कुठे? तो 1781 मध्येच, जमैकाला पोहोचल्यावर थोड्याच दिवसांत मेला होता. आणि गॅरोला वकिलीची सनद मिळाली नोव्हेंबर 1783 मध्ये. म्हणजे मेलेल्या आरोपीवर, सनद नसलेल्या वकिलाने, न भरलेला फौजदारी खटला चालवला, असं हा फॉरवर्ड आपल्याला इतिहास म्हणून सांगतोय. त्या हत्याकांडाबद्दल एकाही माणसावर कधीच फौजदारी खटला चालला नाही. एकेकाळी स्वतः गुलाम असलेल्या ओलाउडा एक्वियानोने गुलामगिरीविरुद्ध लढणाऱ्या ग्रॅनव्हिल शार्पला बातमी दिली, शार्पने खुनाचे खटले भरावेत म्हणून जिवाचं रान केलं, काही झालं नाही. हे न घडणं हीच त्या प्रकरणातली सगळ्यात भयंकर गोष्ट आहे. मालिकेने कथेसाठी न्याय मिळवण्याची धडपड कोर्टात आणली, ते नाटककाराचं स्वातंत्र्य. पण ‘कप्तानाला कोर्टात उभं केलं’ असं खरं म्हणून पसरवलं की त्या मेलेल्या माणसांना न मिळालेला न्याय मिळाल्यासारखा वाटू लागतो. ही साधी चूक म्हणून सोडून देता येत नाही.

बाकीची उदाहरणं भराभर. तिसऱ्या पर्वात राजावर गोळी झाडणाऱ्या जेम्स हॅडफील्डचा बचाव गॅरो करतो. 1800 साली तो प्रत्यक्षात टॉमस अर्स्किन या त्या काळच्या दुसऱ्या नामांकित वकिलाने केला. पहिल्या पर्वाच्या शेवटी गॅरो राजद्रोहाच्या आरोपीसाठी लढतो. 1794 च्या खऱ्या, गाजलेल्या राजद्रोहाच्या खटल्यांत आरोपींचा वकील पुन्हा अर्स्किन, आणि गॅरो सरकारी वकिलांच्या ताफ्यात. गॅरोचं जिच्यावर प्रेम बसतं ती लेडी सारा मालिकेत सर आर्थर हिलची बायको म्हणून दाखवलीय. खरी सारा डोर हिलची बायको नव्हतीच. तिला त्याच्यापासून मुलगा झाला होता, पुढे ती गॅरोबरोबर राहिली आणि 1793 मध्ये त्यांनी लग्न केलं. गॅरोला शिकवणारा ॲटर्नी साउथहाउस खरा होता, पण त्याचं नाव टॉमस, मालिकेत आहे तसं जॉन नाही. उलट त्रिनिदादचा गव्हर्नर पिक्टन याच्यावरचा छळाचा खटला 1806 साली गॅरोने खरोखरच चालवला. तेवढं श्रेय मालिकेला द्यायला हवं.

तिसरा दावा, ज्युरीपुढची भाषणं. हे लिहिणाऱ्याने मालिकाही धड पाहिलेली नाही, कारण बचावाच्या वकिलाला ज्युरीशी बोलायची मनाई आहे हे मालिकेत न्यायाधीश गॅरोला बजावतात.

त्या काळचा नियम नीट समजून घ्या, म्हणजे गॅरोची खरी करामत कळेल. चोरी, दरोडा, खून अशा गंभीर गुन्ह्यांत आरोपीला वकील देण्याची मुभा न्यायाधीशांनी 1730 च्या दशकापासून हळूहळू द्यायला सुरुवात केली, तीही मर्यादित. वकिलाने कायद्याचा मुद्दा मांडावा, साक्षीदारांना प्रश्न विचारावेत, बस्स. ज्युरीला उद्देशून भाषण करायचा हक्क मिळाला तो 1836 च्या कायद्याने, म्हणजे गॅरो न्यायाधीशपदावरूनही निवृत्त झाल्यावर. आरोपीला स्वतः शपथेवर साक्ष द्यायलाही 1898 उजाडावं लागलं. राजद्रोहात मात्र 1696 च्या कायद्याने पूर्ण बचावाची मुभा होती, म्हणून अर्स्किनची भाषणं आपल्याला मिळतात.

मग जे भाषणात सांगायचं ते सांगायचं कसं? प्रश्नांतून. त्या काळी वाटमारी, घरफोडी, खोटी नाणी पाडणं अशा गुन्ह्यांत आरोपीला शिक्षा झाली की पकडणाऱ्यांना सरकारी बक्षीस मिळे, चाळीस पौंड. त्यावर पोट भरणारे व्यावसायिक ‘चोरपकडे’ होते. असा साक्षीदार पिंजऱ्यात आला की आधी त्याचा धंदा विचारायचा, मग याआधी किती खटल्यांत साक्ष दिली ते, मग बक्षिसाची रक्कम त्याच्याच तोंडून वदवून घ्यायची, आणि शेवटी यातला त्याचा वाटा किती ते. एकही वाक्य ज्युरीला उद्देशून नाही. पण बारा माणसं ऐकतायत, आणि हा माणूस रक्ताचे पैसे घ्यायला आलाय हे त्यांना कोणी वेगळं सांगावं लागत नाही. खटले काही मिनिटांत उरकत, ज्युरी पुष्कळदा जागेवरच कुजबुजून निकाल देई, त्यामुळे अशा चार प्रश्नांना फार मोल होतं. भाषणाचा हक्क नव्हता म्हणून उलटतपासणीला धार आली. फॉरवर्डने नेमकी हीच गोष्ट पुसून टाकलीय.

‘एकही खटला हरला नाही’ हे कोणीही घरबसल्या तपासू शकतं. ओल्ड बेलीच्या 1674 ते 1913 या काळातल्या छापील खटल्यांचे अहवाल इंटरनेटवर फुकट आहेत, जवळजवळ दोन लाख. 1783 ते 1793 एवढी वर्षं निवडून गॅरोचं नाव शोधा. त्याच्या पक्षकारांना शिक्षा झालेले खटले लगेच सापडतील. प्रत्येक खटल्याच्या क्रमांकात वर्ष, महिना, दिवस आणि त्या सत्रातला अनुक्रम असतो, त्यामुळे दाखला देणंही सोपं. फक्त दोन खबरदाऱ्या घ्या. हे शब्दशः नोंदलेले जबाब नाहीत. छापणारा वकिलांचे युक्तिवाद बिनदिक्कत कापत असे, तेव्हा ‘अहवालात नाही म्हणजे घडलं नाही’ असं समजू नका. आणि 1790 च्या अखेरीपासून साधारण दोन वर्षं सुटलेल्या आरोपींचे खटले छापायलाच लंडन शहराच्या कारभाऱ्यांनी मनाई केली होती. त्यामुळे या अहवालांवरून कोणी जय-पराजयाची टक्केवारी काढून दिली तर ती फेकून द्या.

शेवटचा दावा सगळ्यात घातक, कारण त्याने इथला, आजचा माणूस अडचणीत येतो. ‘आरोपीने गप्प बसावं.’

पहिलं म्हणजे ‘दोष सिद्ध होईपर्यंत निर्दोष’ हे वाक्य आपल्या राज्यघटनेत शब्दरूपाने नाहीच. पुराव्याचा भार कोणावर, हे 1872 च्या पुरावा कायद्यात कलम 101 पासून पुढे होतं; 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात ते कलम 104 पासून आहे. तीच कलमं पुढे वाचा. घटनेच्या वेळी मी दुसरीकडे होतो असं म्हणायचं तर ते आरोपीने दाखवायचं, कलम 106. स्वसंरक्षणासारखा अपवाद मागायचा तर भार आरोपीवर, कलम 108. फक्त त्यालाच ठाऊक असणारी गोष्ट त्यानेच सांगायची, कलम 109.

आणि रोजचं उदाहरण घ्या, चेक न वटल्याचं. परक्राम्य संलेख कायद्याच्या (निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्ट) कलम 139 नुसार चेक एखादं देणं फेडण्यासाठीच दिला होता असं कोर्ट गृहीत धरतं. हे गृहीतक खोडायचं काम चेक देणाऱ्याचं. बँकेकडून चेक परत आल्याचं कळल्यापासून 30 दिवसांत समोरचा नोटीस पाठवतो, ती मिळाल्यापासून 15 दिवसांत पैसे द्यायचे असतात. ‘सिद्ध होईपर्यंत मी निर्दोष’ म्हणून जो हे 15 दिवस हातावर हात ठेवून घालवतो, त्याच्यावर फिर्याद दाखल होते आणि पुढे कोर्टात सही त्याची असते, गृहीतक त्याच्या विरुद्ध असतं. चेक फक्त तारण म्हणून दिला होता, रक्कम आधीच फेडली होती, असं काही असेल तर बँकेचा उतारा, पावत्या, मेसेज हे पहिल्याच नोटिशीच्या उत्तराबरोबर वकिलाच्या हातात द्या. हे गृहीतक संशयापलीकडे खोडावं लागत नाही, शक्यतेच्या पारड्यात आपली बाजू जड ठरली तरी पुरतं. पण ती बाजू मांडावी लागते.