झुबिन मेहता आणि ती टाळ्यांची धून: एक खुलासा

गेले काही दिवस कोल्हापूरच्या बऱ्याच ग्रुपवर व्हिएन्नाच्या नववर्ष मैफलीचा एक व्हिडिओ फिरतोय. खाली लिहिलंय, ‘आपल्या कोल्हापुरात जन्मलेल्या झुबिन मेहता यांनी रचलेली धून, सगळं युरोप टाळ्या वाजवतंय.’

व्हिडिओ खरा आहे, मजकूर नाही. मेहतांचा जन्म १९३६ चा, मुंबईचा. वडील मेहली मेहता व्हायोलिनवादक, बॉम्बे सिम्फनी ऑर्केस्ट्राचे संस्थापक. झुबिन १९५४ मध्ये व्हिएन्नाला शिकायला गेले. त्यांच्या आत्मचरित्रातही मुंबईच आहे.

धून आहे ‘राडेट्स्की मार्च’. ती योहान स्ट्राउस थोरले यांनी १८४८ मध्ये रचली. स्ट्राउस स्वतःच्या रचना स्वतःच्या वाद्यवृंदाकडून वाजवून घेत. मेहता मात्र वाद्यवृंदाचे संचालक (कंडक्टर): दुसऱ्याने लिहिलेल्या स्वरलिपीतून लय, जोर, कुणी कधी वाजवायला सुरुवात करायची हे सगळं ते ठरवतात. व्हिडिओत नीट बघा, ते वादकांकडे पाठ करून प्रेक्षकांना टाळ्या कुठे हळू, कुठे मोठ्या हे हाताने सांगतात. तेवढ्यातही केवढी हुकमत आहे! न्यूयॉर्क फिलहार्मोनिक हा वाद्यवृंद त्यांनी १९७८ ते १९९१ सांभाळला, २००१ मध्ये पद्मविभूषण मिळालं.

कोल्हापूरच्या संगीताचा अभिमान मलाही आहे. अल्लादिया खाँसाहेब शाहू महाराजांच्या दरबारी होते, गोविंदराव टेंबे इथलेच. त्यांच्याबद्दल जरूर लिहा.

हा मेसेज आला तर कृपया पुढे पाठवू नका. पाठवला असेल तर त्याच ग्रुपवर ही दुरुस्ती टाका.