बाईची जात

‘बाईची जात म्हटली की भोग सगळीकडे सारखेच.’ आठ मार्चच्या कार्यक्रमात हे कुणीतरी म्हणतंच आणि आम्ही माना डोलावतो. मीही डोलवायचे. यंदा मृग लागल्यावर कातकरवाडीतली एक जण मुठे (शेतातले खेकडे) विकायला आमच्या पडवीत आली. टोपलीवरचा पाला बाजूला करताकरता तिने विचारलं, “वैनी, माजा नाव काटला का वो?”

काटला होता. मीच. बचत गटाचं रजिस्टर माझ्याकडे असतं. गटाची पंचसूत्री समाजमंदिराच्या भिंतीवर रंगवलेली आहे: बैठक, बचत, अंतर्गत कर्ज, परतफेड, हिशेब. पाचही गोष्टींआधी ‘नियमित’ हा शब्द. ही बाई दिवाळीनंतर वीटभट्टीवर जाते ती पावसाच्या तोंडावर परतते. तिच्या नावापुढे मी शेरा मारला, ‘अनियमित’. बैठकीत कुणीतरी वर पुस्ती जोडली, “त्यांना बचतीची सवयच नसते.” मी गप्प बसले.

मुठ्यांचे पैसे देताना मी विचारलं, “भट्टीवर तुला किती सुटले?”

“त्याला ठाव.”

त्याला म्हणजे नवऱ्याला. उचल जोडीला मिळते, वहीत नाव मात्र नवऱ्याचं. चिखल मळायचा, विटा पाडायच्या, वाळल्या की डोक्यावरून वाहायच्या, हिशेब हजाराने. तिच्या कष्टाची त्या वहीत वेगळी ओळच नाही. मजुरांच्या दराची बोलणी होतात तीही हजारी किती एवढीच. म्हणजे मजुरांच्या वहीत ती बाई म्हणून नाही आणि आम्हा बायकांच्या वहीत ती मजूर म्हणून नाही.

अमेरिकेत १९७६ साली एका खटल्यात नेमकं हेच झालं. जनरल मोटर्सच्या कारखान्यात १९६४ पूर्वी एकही काळी बाई कामाला नव्हती. मंदीत कपात झाली ती ‘शेवटी आला तो आधी बाहेर’ या नियमाने, आणि १९७० नंतर लागलेल्या सगळ्या काळ्या बायका घरी गेल्या. पाच जणी कोर्टात गेल्या. कोर्ट म्हणालं, कंपनीत बायका पूर्वीपासून आहेत, तेव्हा बायकांवर अन्याय नाही. त्या बायका गोऱ्या होत्या! वंशभेदाची तक्रार असेल तर त्यासाठी वेगळा दावा आहेच, त्यात जा. दोन्ही मिळून एक तक्रार काही त्यांना करू दिली नाही. किंबर्ले क्रेनशॉ या कायद्याच्या अभ्यासक बाईंनी १९८९ मध्ये हाच खटला पुढे ठेवून ‘इंटरसेक्शनॅलिटी’ हा शब्द आणला, म्हणजे दोन भेद एकाच बाईवर एकत्र येऊन पडतात ते. शब्द अवघड आहे. आमच्या रजिस्टरमधला लाल शेरा त्याहून सोपा.

वंश आणि जात एक नव्हेत, मान्य. (आणि रंगाचं म्हणाल तर आफ्रिकेतून आलेल्या सिद्दींचं जंजिरा संस्थान १९४८ पर्यंत याच किनाऱ्यावर होतं, तरी आमच्या स्थळांच्या चिठ्ठीत ‘वर्ण गोरा’ सुटत नाही.) पण बाईकडे बघून तिची पायरी ओळखायची खोड दोन्हीकडची सारखीच. डिसेंबर १९२७ मध्ये महाडला बाबासाहेबांनी जमलेल्या बायकांना सांगितलं होतं की लुगडं वरच्या जातीच्या बायकांसारखं नेसा, जातीची खूण पटवणारे चांदीचे जाडजूड दागिने टाका. पुरुषाच्या कपड्यापेक्षा बाईच्या लुगड्यावर जात जास्त ठळक लिहिलेली असते, हे त्यांनी तेव्हा ओळखलं होतं. महाड काही आमच्यापासून लांब नाही.

माझाही भोग खराच आहे. भावांनी हक्कसोडपत्र पुढे केलं तेव्हा ‘माहेर तुटायला नको’ म्हणून मी सही केली. त्यावर मी कार्यक्रमात बोलतेही, टाळ्या पडतात. पण तिच्याकडे सोडायला हक्कच नाही. वाडी ज्या जागेवर उभी आहे तो सातबारा दुसऱ्याच कुणाच्या नावावर आहे. कुणाच्या, ते इथे लिहीत नाही. गावात सगळ्यांना माहीत आहे.

मागच्या बैठकीत मी विषय काढला: भट्टीच्या महिन्यांत तिची बचत थांबवू, पावसाळ्यात भरून घेऊ. लगेच प्रश्न आला, “मग नियम आम्हालाही सैल करणार का?” एक जण म्हणाली, “तुला त्यांचा एवढा पुळका कधीपासून?” त्याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं. निर्णय गौरी-गणपतीनंतरच्या बैठकीवर ढकललाय. भट्टीवाल्याचा माणूस उचल वाटायला साधारण त्याच सुमारास वाडीत येतो.