आमच्या कोठ्यात म्हणे क्रीडांगण

राजेहो, काल नगर पंचायतीत गेलो होतो. काम एवढंच की पोराच्या लग्नाआधी मागच्या वाडीत दोन खोल्या काढायच्या, त्याची परवानगी. सातबारा, टॅक्स पावती, मोजणीची 'क' प्रत, इंजिनियरचा नकाशा, सगळ्याच्या तीन-तीन झेरॉक्स. खिडकीतल्या पोराने फाइल उघडलीसुद्धा नाही. कॉम्प्युटरवर नकाशा मोठा केला, पेनाचं टोपण स्क्रीनवर टेकवलं नि म्हणे, "काका, हे तर क्रीडांगण आहे."

एक तर मला काका म्हणायचं नाही. आणि क्रीडांगण? तिथे माझा कोठा आहे! दोन बैल, एक व्यायलेली गाय, पऱ्हाट्यांचा ढीग, आबाजीने खणलेली 40 फूट विहीर. विहिरीत कोणाला फिल्डिंगला उभा करता, विचारलं मी. तर म्हणे, "भूवापर नकाशात तुमची जागा रिकामी दाखवली आहे." बैल काय त्या दिवशी सुट्टीवर होते?

"मंग हरकत काहून नाही घेतली काका? तीस दिवस होते न." गावाचा प्रारूप विकास आराखडा, म्हणजे कोणती जागा कशासाठी याचा कच्चा नकाशा, राजपत्रात छापला होता म्हणे, नि त्यात माझी वाडी मैदानासाठी आरक्षित. आमच्या चौकात राजपत्राचा अंक पानठेल्यावर येते वाटते! फलकावरही नोटीस होती म्हणे. जाऊन पाहिली. डासांच्या फवारणीच्या कागदाखाली अर्धी लपलेली, मुदत चार दिवसांपूर्वी संपलेली. घरपट्टी थकली की हेच लोक ऑटोवर भोंगा लावून नावानिशी ओरडत फिरतात. तेव्हा बरोबर दार सापडते.

नकाशा नीट पाहिला तर नाल्यापलीकडची लेआउटवाल्यांची शेतं सगळी पिवळीधमक, रहिवासी. पावसाळ्यात तिथे धुऱ्यापर्यंत पाणी असते. हिरवा ठिपका पडायला सापडली ती माझी वाडी. बसस्टँडजवळ तीन मजले उभे झाले, पार्किंगच्या जागेत मोबाइलची दुकानं, तिथे नाही कोणाचं टोपण टेकत. मोजणीचं तर बोलूच नका. पैसे भरून सव्वा वर्ष थांबलो, माणूस आला, मशीन लावली, "पाऊस येईन" म्हणून गेला. ऊन होतं.

मोबदल्याचं विचारलं तर, "टीडीआर भेटते न काका." टीडीआर! म्हणजे पैशाऐवजी जास्तीच्या बांधकामाचा हक्क, तो बिल्डरला विकायचा. मुंबई-पुण्यात बिल्डर रांगा लावत असतील, इथे स्लॅबवर लोक मिरच्या वाळवतात. माझा हक्क कोण विकत घेईल, मिरच्यावाला?

वकिलाकडे गेलो. तो म्हणे, आराखडा अंतिम मंजूर होऊ द्या, मग 10 वर्षं थांबा, तोवर जागा घेतली नाही तर नगररचना कायद्याच्या कलम 127 ची खरेदी सूचना द्या, म्हणजे 'जागा विकत घ्या' अशी नोटीस, मग आणखी 24 महिने. तेव्हाही नाही घेतली तर आरक्षण गळते. हे शेवटचे 24 पूर्वी 12 होते, 2015 मध्ये दुप्पट केले. मी आज 56 चा. म्हणजे 68 व्या वर्षी मला माझा कोठा भेटन, आणि तेही घड्याळ आज सुरू झालं तर. प्रारूप आराखड्याने ते सुरूच होत नाही. लग्न मे महिन्यात आहे.

रात्री जेवताना हे सगळं मोठ्याने सांगून राहिलो होतो. बायको भाकर टाकता टाकता म्हणे, "ग्रामपंचायत होती तवा ग्रामसभेत माइक धरून कोन बोलला होता, पोट्ट्याइले खेळाले जागा नाही म्हणून?"

मीच. अर्धा तास बोललो होतो. टाळ्याही पडल्या होत्या, ठरावही झाला होता. वीस वर्षांत नालीसाठी दिलेले माझे अकरा अर्ज कोणी उघडले नाहीत, नि मैदानाचं तेवढं ऐकलं.

तरी हरकत लिहून काढली आज सकाळी. मुदत गेली तर गेली. विहिरीचा फोटो जोडला, बैलांचाही जोडला, चेहरे स्पष्ट दिसतील असा. तीन प्रती काढायला गेलो तर झेरॉक्सवाला म्हणे, "लाइट गेली, काका."