'तारीख म्हणजे रात्रीचे बारा' म्हणे! त्या व्हायरल पोस्टला मुद्देसूद उत्तर

गेले काही दिवस एक पोस्ट फिरतेय, कोडिंगवाल्यांच्या जवळपास प्रत्येक व्हॉट्सॲप ग्रुपवर येऊन गेली असेल. 'तारखेसाठी वेगळा टाइप वापरणं बंद करा, सीनियर लोक असं करतात' असं काहीतरी शीर्षक, खाली सहा मुद्दे आणि प्रत्येकापुढे रॉकेट. मी दुर्लक्ष करत होतो, कारण असल्या प्रत्येक पोस्टला उत्तर द्यायचं ठरवलं तर नोकरी सोडावी लागेल. पण परवा माझ्या भाचीनेच ती मला पाठवली. आत्ताच फ्रेशर म्हणून लागलीये, जावा आणि रिॲक्टवर काम करते, आणि खाली लिहिलेलं, "मामा, हे खरं असेल तर आम्हाला लोकलडेट कशाला वापरायला लावतात? जन्मतारखेच्या कॉलमचं टाइमस्टॅम्प करून टाकू का?" टाकू का म्हणे! (लोकलडेट म्हणजे जावाचा नुसती तारीख ठेवणारा टाइप, टाइमस्टॅम्प म्हणजे तारीख आणि वेळ दोन्ही.) म्हणून बसलो लिहायला. कोड तोंडी सांगितल्यासारखा लिहितोय, कळणाऱ्याला कळेल.

ज्यांनी पोस्ट वाचली नाही त्यांच्यासाठी मुद्दे थोडक्यात. एक, तारीख म्हणजे त्या दिवसाची रात्री बाराची वेळ, वेगळं काही नसतं. दोन, सगळं यूटीसीत, म्हणजे ग्रीनिचच्या जागतिक प्रमाणवेळेत साठवा, टाइमझोनचे प्रश्न संपले. तीन, भारतात घड्याळं पुढेमागे होत नाहीत, त्यामुळे आपल्याला ही भानगड लागूच नाही, साडेपाच तास मिळवा आणि मोकळे व्हा. चार, दोन तारखांमधले दिवस काढायला मिलिसेकंदांची वजाबाकी करून ८,६४,००,००० ने भागा. पाच, महिना म्हणजे तीस दिवस धरा, क्लायंटला कळत नाही. सहा, अगदीच वाटलं तर स्ट्रिंग, म्हणजे नुसती अक्षरं ठेवा, जावाचं लोकलडेट आणि डॉटनेटचं तसंच डेटओन्ली म्हणजे ओव्हरइंजिनीअरिंग.

पहिल्या मुद्द्यापासूनच गाडी घसरलीये. आपल्याकडे जुन्या पिढीतल्या कितीतरी लोकांची कागदोपत्री जन्मतारीख १ जून आहे, शाळेत नाव घालताना गुरुजींनी लावून टाकलेली. आता मला सांगा, दाखल्यावर '१ जून' लिहिताना गुरुजींच्या डोक्यात कुठल्या देशातली रात्र होती? त्या तारखेला वेळच नाही. बारा पण नाहीत आणि शून्य पण नाहीत. तुम्ही तिला रात्रीचे बारा चिकटवता तेव्हा मूळ माहितीत नसलेली गोष्ट तुम्ही स्वतःच्या खिशातून घालताय, आणि मग ती निस्तरायला आयुष्यभर टाइमझोनचे हिशोब. हे माझं मत नाही हो, जावाच्या अधिकृत डॉक्युमेंटेशनमध्ये लोकलडेटच्या पानावर सरळ लिहिलंय की हा क्लास वेळ किंवा टाइमझोन साठवत नाही, वाढदिवसासाठी वापरतो तसं हे तारखेचं वर्णन आहे, आणि ऑफसेट (यूटीसीपासूनचा फरक) किंवा टाइमझोन दिल्याशिवाय त्यातून काळाच्या रेषेवरचा एखादा क्षण मिळू शकत नाही. वाढदिवस हेच उदाहरण आहे तिथे! २०१४ साली जावा ८ बरोबर आलेलं पान आहे, वाचायला दोन मिनिटं लागतात, पोस्टवाल्याने तेवढी तरी काढायची.

आणि रात्रीचे बारा हे दरवेळी असतातच असंही नाही. ब्राझीलमध्ये उन्हाळी वेळ (डेलाइट सेव्हिंग, घड्याळं तासभर पुढे करणं) मध्यरात्रीच सुरू व्हायची, ४ नोव्हेंबर २०१८ ला साओ पावलोत बारा वाजायच्या जागी एकदम एक वाजला, म्हणजे त्या तारखेला स्थानिक मध्यरात्र झालीच नाही. सामोआने तर २०११ साली ३० डिसेंबर हा अख्खा दिवसच गाळला, २९ नंतर थेट ३१. पण जाऊ दे, 'आपले क्लायंट काय सामोआत आहेत का' असं कुणीतरी म्हणणारच, त्यांच्यासाठी खाली भारतच आहे.

दुसरा मुद्दा अर्धा खरा आहे हे नाइलाजाने मान्य करतो. पेमेंट कधी झालं, ओटीपी कधी पाठवला, लॉगिन कधी झालं, ह्या घडलेल्या क्षणांच्या नोंदी आहेत आणि त्या यूटीसीतच ठेवायच्या, वादच नाही. पण तोच नियम जन्मतारखेला, पॉलिसीच्या मुदतीला, सुट्टीच्या दिवसाला लावला की घोळ. जावास्क्रिप्टमध्ये न्यू डेटला (तारखेचा ऑब्जेक्ट बनवणाऱ्या कोडला) नुसती '२०२४-०६-०१' ही स्ट्रिंग दिली तर ती यूटीसीची मध्यरात्र धरली जाते, आणि त्यालाच पुढे 'टी००:००' जोडलं तर स्थानिक मध्यरात्र. एकाच भाषेत, एकाच फंक्शनला, दोन नियम! एमडीएन ह्या वेब डेव्हलपरांच्या संदर्भ साइटवर याला स्पेकमधली (भाषेच्या नियमावलीतली) ऐतिहासिक चूक म्हटलंय, जुन्या वेबसाइट मोडतील म्हणून आता बदलता येत नाही. त्यामुळे तुमच्या '१ जून' कडे न्यूयॉर्कमधला ब्राउझर बघतो तेव्हा त्याला ३१ मेचे रात्रीचे आठ दिसतात.

आता तिसरा मुद्दा. हा वाचून माझं डोकं खरंच फिरलं, कारण हा 'आपल्यासाठी' म्हणून लिहिलाय आणि सगळ्यात जास्त नुकसान आपलंच करतो. आपण ग्रीनिचच्या पूर्वेला आहोत, म्हणजे आपली मध्यरात्र होते तेव्हा यूटीसीत अजून आदल्या दिवशीची संध्याकाळ असते. रिॲक्टमधल्या डेट पिकरवर (तारीख निवडायच्या कॅलेंडरवर) युजरने १ जून निवडला, पिकरने स्थानिक मध्यरात्रीचा डेट ऑब्जेक्ट दिला, तो जेसन (सर्व्हरला पाठवायचा मजकूर) होऊन जाताना टू-आयएसओ-स्ट्रिंगमधून गेला, म्हणजे त्याची यूटीसीतली स्ट्रिंग झाली, आणि बॅकएंडला, म्हणजे सर्व्हरच्या बाजूला, काय पोचलं? ३१ मे, १८:३०, शेवटी झेड (यूटीसीची खूण). बॅकएंडवाल्याने त्यातली पहिली दहा अक्षरं कापली आणि डेट म्हणून ठेवून दिली. झाली ३१ मे. आपल्याकडच्या कुठल्याही जुन्या सिस्टिमचा डेटाबेस उघडा, १८:३०:०० ने संपणाऱ्या तारखांच्या रांगाच्या रांगा दिसतील. त्याच्यावर आणखी कडी म्हणजे, उलट्या दिशेने आलेली ३१ मे त्या पिकरने परत स्थानिक मध्यरात्रीवर आणली तर माणसाने काहीही न बदलता नुसतं सेव्ह दाबलं तरी ती ३० मे होते, परत दाबलं की २९. फोन नंबर बदलायला आलेला माणूस दरवेळी एक दिवसाने म्हातारा होऊन जातो.

गंमत बघा, अमेरिकेत हे नेमकं उलटं मोडतं. तिथली मध्यरात्र यूटीसीत त्याच तारखेची पहाट असते, म्हणून टू-आयएसओ-स्ट्रिंग करून कापलेली तारीख त्यांच्याकडे बरोबर येते आणि नुसती स्ट्रिंग पार्स करताना (वाचून तारीख बनवताना) एक दिवस मागे जाते. आपल्याकडे पार्स करताना बरोबर, पाठवताना एक दिवस मागे. म्हणूनच तिकडच्या ब्लॉगवरचं 'चालतंय' म्हणून सांगितलेलं उत्तर इथे चिकटवलं की बोंब होते, आणि इथे टेस्ट करून 'चालतंय' म्हटलेलं तिकडच्या क्लायंटकडे मोडतं. डेलाइट सेव्हिंगचा ह्यात संबंधच नाही, नुसत्या साडेपाच तासांनी एवढं होतं.

आणि 'आजची तारीख' काढायची पोस्टवाल्याची युक्ती, आत्ताची वेळ घ्या, आयएसओ स्ट्रिंग करा, पहिली दहा अक्षरं घ्या. छान. रात्री बारा ते पहाटे साडेपाच ह्या वेळात भारतात ती कालची तारीख देते. दिवसा ऑफिसात टेस्ट करणाऱ्याला हे जन्मात सापडत नाही. नाइट शिफ्टची हजेरी आदल्या दिवशी पडते. १ एप्रिलला रात्री दोन वाजता बिल बनवलं तर त्यावर ३१ मार्च, म्हणजे थेट मागचं आर्थिक वर्ष! सीएला समजावा मग की यूटीसी म्हणजे काय.

'साडेपाच तास मिळवा आणि मोकळे व्हा' हे तर जास्तच भारी. दुसऱ्या महायुद्धात भारतातली घड्याळं एक तास पुढे होती, १ सप्टेंबर १९४२ ते १५ ऑक्टोबर १९४५ आपला ऑफसेट साडेसहा तास होता. हे सगळं टाइमझोनच्या डेटाबेसात एशिया/कोलकाता ह्या नावाखाली नोंदलेलं आहे आणि जावा काय, आजचे ब्राउझर काय, तोच डेटा वापरतात. म्हणजे १ जून १९४३ ही जन्मतारीख स्थानिक मध्यरात्र म्हणून ठेवली की यूटीसीत ती ३१ मे, १७:३० होते. आता मिळवा तुमचे साडेपाच. किती वाजले? ३१ मेचे रात्रीचे अकरा. गेला एक दिवस. आणि ही माणसं आहेत कोण, तर ऐंशीच्या पुढचे आजी-आजोबा, ज्यांच्या पेन्शनच्या आणि मेडिक्लेमच्या कागदांवर एक दिवसाचा फरक पडला की 'आधारशी जुळत नाही' म्हणून खेटे घालायला लावतात. भारतात घड्याळं पुढेमागे होत नाहीत म्हणे. व्हायची, आणि त्या काळात जन्मलेले लोक अजून आहेत.

पुढचे मुद्दे पटकन उरकतो. मिलिसेकंद भागायचा मुद्दा, दोन्ही तारखा यूटीसी मध्यरात्रीच्या असतील तर बरोबर उत्तर देतो, जावास्क्रिप्टमध्ये लीप सेकंद (यूटीसीत अधूनमधून घातलेला जादा सेकंद) धरतच नाहीत, त्यामुळे यूटीसीचा प्रत्येक दिवस बरोब्बर तेवढाच. एवढं श्रेय देतो. पण स्थानिक मध्यरात्री घेतल्या तर न्यूयॉर्कमध्ये ९ मार्च ते ११ मार्च २०२४ ह्यात ४७ तास भरतात, कारण १० मार्चला एक तास उडाला, आणि पोस्टमधल्या कोडने फ्लोअर लावलाय (अपूर्णांक छाटून टाकलाय), उत्तर येतं एक दिवस. राउंड (जवळचा पूर्णांक) लावला असता तरी वाचला असता.

महिना म्हणजे तीस दिवस ह्यावर काय बोलायचं. ३१ जानेवारी २०२४ मध्ये तीस दिवस मिळवले की येतो १ मार्च, फेब्रुवारीचा हप्ता गायब. क्लायंटला कळत नाही म्हणे, हप्त्याचं सगळ्यात आधी कळतं! लोकलडेटला प्लस-मंथ्स एक सांगा, २९ फेब्रुवारी देतो. जावास्क्रिप्टचा सेट-मंथ वापराल तर मात्र २ मार्च मिळेल, तो वेगळाच नमुना.

स्ट्रिंगचं म्हणाल तर वर्ष-महिना-दिवस ह्या क्रमाने शून्यं घालून लिहिलेली तारीख सॉर्टिंगला सरळ चालते, एचटीएमएलचा डेट इनपुट स्वतः तीच स्ट्रिंग देतो, आणि फ्रंटएंडपासून बॅकएंडपर्यंत न्यायला तिच्यापेक्षा चांगलं काही नाही. नेण्यासाठी. साठवायला घेतली की तिच्यात ३१ फेब्रुवारी पण बसतो, आणि एखादा एक्सेलवाला ०१/०६/२०२४ टाकून जातो, मग बसा ठरवत १ जून की ६ जानेवारी. राहिलं ओव्हरइंजिनीअरिंग. पोस्टग्रेस ह्या डेटाबेसमध्ये डेट चार बाइट घेतो आणि टाइमस्टॅम्प आठ, तर जड कोण? टाइमस्टॅम्प कॉलमवर '१ एप्रिल ते ३१ मार्च' अशी बिटवीन (ह्या दोन तारखांमधलं शोध) क्वेरी मारलीत की ३१ मार्चच्या मध्यरात्रीनंतरच्या सगळ्या एंट्र्या रिपोर्टमधून गळतात, डेट कॉलमवर गळत नाहीत. मायक्रोसॉफ्टने २०२१ मध्ये डॉटनेट ६ बरोबर डेटओन्ली आणलं ते काही हौस म्हणून नाही, आणि जावास्क्रिप्टमध्ये टेम्पोरल ह्या नव्या तारीख-वेळ सोयीतला, नुसती तारीख ठेवणारा प्लेनडेट येतोय, फायरफॉक्समध्ये १३९ पासून आलाय सुद्धा. फक्त नावावर जाऊ नका, ओरॅकलच्या डेट टाइपमध्ये तास-मिनिटं-सेकंद पण असतात, तिथे सांभाळून.

ज्यांनी पोस्ट वाचून आधीच टाइमस्टॅम्प करून ठेवलंय त्यांच्यासाठी एवढंच: सरसकट साडेपाच तास मिळवायची अपडेट क्वेरी मारू नका. आधी बॅकअप घ्या आणि कुठल्या वेळेच्या किती रो आहेत ते मोजा, १८:३० च्या, १७:३० च्या आणि ००:०० च्या वेगवेगळ्या निघतील. मग आकडा न मिळवता एशिया/कोलकाता हे नाव देऊन बदला आणि मगच डेटमध्ये घाला, तिन्ही प्रकार बरोबर तारखेवर येतात. पोस्टग्रेसमध्ये कॉलमला टाइमझोन नसेल तर आधी तो यूटीसी आहे हे सांगावं लागतं, ती पायरी विसरू नका. ज्या रो मध्ये बॅकएंडने आधीच दहा अक्षरं कापून ३१ मे ठेवलीये त्यांना मात्र कुठलीच क्वेरी वाचवत नाही, तिथे फॉर्मबरोबर जोडलेले कागद काढून एकेक तारीख हाताने तपासावी लागेल.